पाकातला दोरा

धनगर वस्ती, माळशिरस
२५ ऑक्टोबर २०२५

आक्का,

पाया पडतो. सुखरूप पोचलो. एसटीत शेजारच्या म्हाताऱ्यानं "कुटं निघाला पावणं?" म्हणून इचारलं. मी डॉक्टरांची चिठ्ठी म्होरं केली. त्याला वाचता येत न्हवतं, त्यानं ती पुढच्या बाकड्यावर दिली. तितल्या बाईनं मोठ्यानं वाचली, "पेशंटनी अजिबात बोलू नये." मग काय, टेंभुर्णीपतूर सगळी गाडी माझ्याकडं बघत व्हती.

आता तू म्हणशील ह्यो कागद का. घशातली गाठ काढलीया आन् डॉक्टर म्हणतील तवर गप ऱ्हायचं हाय, एवढं रंभाला ठाव हाय. पण काढलेल्या गाठीचा तुकडा पुण्याला तपासाय धाडलाय, त्यो खराब निघाला तर गळा कापाय लागंल आन् आवाज कायमचा जाईल, हे मी बायकोला सांगितलं न्हाय. कळलं तर ती दोन घास जेवायची न्हाय. घरात फोन एकच, त्यो तिच्या कंबरंला. त्याच्यावर लिवलं तर पोरीकडनं वाचून घेती. म्हणून कागद. आपल्या वस्तीवरचा प्रभु डाळिंबाचा टेंपो घिऊन सोलापूरच्या यार्डात येतो की, त्याच्या हाती देत जाईन. तू बी त्याच्याकडंच दे.

रिपोर्ट तुलाच आनायचा हाय. चांगला असूदे न्हायतर वाईट, जे असंल ते लिव.

मेंढरं अजून हितंच हायती. बाकीच्यांचं कळप दिवाळी झाल्या झाल्या चाऱ्यासाठी खाली निगालं. माझी हलत न्हाईत. रंभानं हाळी दिली, प्रभुनं दिली, मी शिट्टी वाजवली, डबा वाजवला. काळतोंडी, आपली म्होरकी मेंढी, तिनं एकदा माझ्याकडं बघितलं आन् तितंच बसली. ती बसली की सगळी बसत्यात. माझा आवाज न्हाय आला तर कळप इकाय लागंल आक्का. दुसरं काय करणार.

भाऊबीजेला तू ओवाळलंस, मी ताटात काय घातलं न्हाय. पाटलाच्या रानात खतासाठी मेंढरं बसवली व्हती, त्यानं कारखान्याची सभासदाची साखर दिलीया. ती प्रभुकडं देतोय. हीच ओवाळणी समज.

दाजींना नमस्कार.

तुझा भाऊ
जोतिराम

---

सोलापूर
२७ ऑक्टोबर

जोत्या,

जन्मात कधी दोन ओळी लिहिल्या नाहीस आणि आता पानभर लिहितोस. गप बसल्यावर माणूस एवढं बोलतो हे मला ठाऊक नव्हतं. हस्ताक्षर मात्र सातवीत होतं तसंच आहे, पावसात भिजलेल्या कोंबडीसारखं.

साखर मिळाली. तुझे दाजी लगेच म्हणाले, चहाला झाली की. मी डबा कडी लावून वर ठेवला. भावाची ओवाळणी काय चहात घालायची? मी तिची खडीसाखर करणार आहे.

आय आठवते का? आपल्यातल्या कुणाचा घसा बसला की जत्रेतनं आणलेली दोऱ्याची खडीसाखर ती ट्रंकेतनं काढायची, खडा आपल्या हातानं तोंडात घालायची आणि विरघळेपर्यंत बोलू द्यायची नाही. बाजारात आता मिळते ती चौकोनी, सगळी एका मापाची. तिला दोराच नसतो. तसली नको मला.

रीत अवघड नाही. तीन वाट्या साखरेला एक वाटी पाणी, चांगलं उकळायचं, काचेच्या बरणीत ओतायचं, निवलं की वरनं काडीला बांधून सुती दोरा सोडायचा. वर फडकं, आणि मुंग्या लागू नयेत म्हणून बरणी पाण्याच्या परातीत. मग हलवायची नाही, हात लावायचा नाही. दोऱ्यावर आपोआप खडे धरतात. पाकाचं मला काय कुणी शिकवावं? लग्नाच्या ऑर्डरीला दोन-दोन हजार गुलाबजाम करते मी, पाक माझा हात डोळे झाकून करतो. तसाच डोळे झाकून केला आणि बरणी आजच देवळीत ठेवली.

आणि ऐक. मी मनात धरलंय. साखर धरली की तुझा आवाज आला. त्यातला पहिला खडा तुझ्या तोंडात जाईल आणि मगच तू बोलायचं. तोवर तू गप आणि बरणीही गप.

रिपोर्ट आला की दवाखान्यातनं फोन येणार आहे. रंभाला सांग म्हणणार नाही, पण एवढी वर्षं संसार करून तू तिला अजून ओळखलं नाहीस एवढंच म्हणते.

विजयमाला

---

वस्ती, माळशिरस
३० ऑक्टोबर

आक्का,

तुझी बरणी बरी, तिला कुनी तरास देत न्हाय. हितं मला बोलता येत न्हाय म्हणल्यावर लोकांना वाटतंय मला ऐकू बी येत न्हाय. जो येतो त्यो कानापशी येऊन वरडतो. काल सोसायटीचा चेअरमन आला, "बरं हाय का आता?" म्हणून एवढ्यानं वरडला की कुत्री भुकाय लागली. मी मान हलवली तर म्हणला, न्हाय आलं वाटतं ऐकू, आन् परत वरडला.

आन् आपली माणसं माझ्यासमोर काय बी बोलत्यात, जसा मी हितं न्हाईच. काल दोगं बसली व्हती. एक म्हणला, आवाज गेला तर जोतिरामाचं कसं व्हनार. दुसरा म्हणला, गेलाच समज. मी चिलीम वढत बसल्यावानी बसलो. चिलीम बी बंद हाय डॉक्टरांनी केलेली.

रात्री कळप काट्याकुट्याच्या वाड्यात घातला की मी हाळी मनातल्या मनात देतो. तोंड उघडत न्हाय, फकस्त मनात. ती कशी व्हती ती इसरू नये म्हणून.

व्यापारी येऊन गेला. मेंढरांच्या पाठी दाबून बघितल्या. बाजारापतूर काय ते सांगा म्हणला. चारा सरत आलाय, लई दिस थांबता याचं न्हाय.

खडीसाखर धरली का? मला बी आता घोर लागलाय त्या बरणीचा. आन् रिपोर्टचं लिव.

जोतिराम

---

सोलापूर
२ नोव्हेंबर

चि. जोतिराम,

सर्व क्षेम. साखर झकास धरली आहे. बोराएवढे खडे आलेत. अगदी पाहत राहावं असं दिसतं.

रिपोर्टचं काय एवढं घेऊन बसलास, मिळेल की. पुण्याचं काम आहे, वेळ लागतो. तू जेव, झोप, उन्हात फिरू नको. व्यापाऱ्याला काही बोलू नको.

प्रभु घाईत आहे म्हणून इथंच थांबते.

विजयमाला

---

वस्ती, माळशिरस
४ नोव्हेंबर

आक्का,

तू मला कवा चिरंजीव जोतिराम म्हणलीस? लग्नाच्या पत्रिकेत बी जोत्याच घाला म्हणत व्हतीस. तुझा कागद वाचला तवाच प्रभुला गाठलं.

प्रभु खोटं बोलाय गेला की कान खाजवतो. आक्का बरी हाय ना म्हणून मी पाटीवर लिवून इचारलं तर त्यानं दोनी कान खाजवलं. मग सगळं काढून घेतलं. तो आला तवा तू सैपाकघरात खाली बसून रडत व्हतीस, आन् त्याला आन घातलीस की जोत्याला सांगू नको. दवाखान्यातनं फोन आलाय असं बी दाजी त्याला बोललं.

म्हंजे रिपोर्ट आलाय. आन् तो काय हाय ते मला कळलं. तुला लिववत न्हाय तर नको लिवू. मी रागावलो न्हाय. तू माझ्यापरीस मोठी हायेस, लहानपनापासनं वाईट तेवढं तू आपल्याकडं ठिवून घेतलंस.

मी ठरवलंय. परत गळा कापाय जायचं तर मेंढरं कुनाच्या जिवावर ठिवू? कळप घालवतो. व्यापारी परवा गाडी घिऊन येतो म्हणलाय. काळतोंडीला तेवढी ठिवून घ्यावी असं वाटत व्हतं, पर एकटी मेंढी ऱ्हात न्हाय.

खडीसाखर झाली असंल तर तुझ्या नातवाला दे. माझ्या काय कामाची.

जोतिराम

---

सोलापूर
५ नोव्हेंबर

जोत्या, गाढवा,

रिपोर्ट चांगला आहे. साधी गाठ होती, खराब काही नाही. गळा कापायचा नाही, काही नाही. डॉक्टरांना मी तीन वेळा विचारलं, चौथ्यांदा विचारायला लागले तर तुझे दाजी मला दंडाला धरून बाहेर घेऊन आले. आता हा कागद खाली ठेव, तोंडावर पाणी मार आणि वरची ओळ परत वाच.

तुझा कागद आला तेव्हा मी कणीक मळत होते. तशाच हातानं वाचला. आधी रंभाला फोन लावला आणि सांगितलं, कळपातलं एक कोकरू जरी गाडीत चढलं तर माझ्याशी गाठ आहे. व्यापाऱ्याला चहा पाजून परत लाव. ती म्हणाली, "मी आदीच दारात बसलीया वन्सं, गाडी येऊ दे तर खरी." रिपोर्टचं संध्याकाळी फोनवर तिला सांगितलं तेव्हा ती काय बोलली ते तिचं तिच्याकडनं ऐक.

आता मी काय केलं ते सांगते. शिव्या द्यायच्या असल्या तर मनातल्या मनात दे, तेवढी तुला परवानगी आहे.

खडे बोराएवढे आले नव्हते. मोहरीएवढेही आले नव्हते. पाक ओतला तसाच राहिला, स्वच्छ, काचेसारखा, आणि दोरा त्यात नुसता भिजत पडलेला. रोज सकाळी उठले की आधी बरणी बघायची. दोन दिवस म्हटलं वेळ लागतो. मग वाटायला लागलं हे मागाचं काम. भिंतीपलीकडं जगदेवीच्या घरी टॉवेलचे माग आहेत, दिवसभर खडखडत असतात, आमच्या कपबशासुद्धा नाचतात. मी गेले तणतणत. म्हटलं, तुझ्या मागाच्या हादऱ्यानं माझी साखर धरत नाही, बरणी हलवायची नसते. ती सुताची कांडी भरत होती. म्हणाली, "वीस वर्षं तुमी हितंच करंज्या करतायसा, त्या कशा काय नाय हलल्या?" मग मीही बोलले, तीही बोलली. ती कानडीत काय बोलली ते मला कळलं नाही ते बरंच झालं. दोन दिवस आम्ही एकमेकींकडं बघितलं नाही.

आणि त्यातच दवाखान्यातनं फोन आला. रिपोर्ट तयार आहे, घेऊन जा. जोत्या, मी चप्पल घातली. पिशवी घेतली. जाता जाता बरणीकडं बघितलं. दोरा कोराच. मग चप्पल काढून ठेवली. मीच मनात धरलं होतं ना, साखर धरली की आवाज आला. साखर धरत नव्हती. तसल्या वेळी जाऊन तो कागद हातात घ्यायचा धीर होईना. म्हटलं उद्या धरेल, उद्या जाऊ. दुसऱ्या दिवशीही तेच. तिसऱ्या दिवशी बरणीपुढं बसून रडायला लागले आणि नेमका तुझा प्रभु दारात. त्यानं जे बघितलं ते मी पाकासाठी रडत होते, रिपोर्ट मी तेव्हा डोळ्यांनी बघितलासुद्धा नव्हता. चांगला रिपोर्ट दवाखान्यात पडून होता, मी इथं बरणीपुढं बसून होते आणि तू तिकडं मेंढरं विकायला काढली होतीस.

तुझा कागद दाजींना दाखवला. ते फार बोलत नाहीत तुला ठाऊक आहे. म्हणाले, "साखरेला काय विचारतेस, डॉक्टरला विचार की." आणि गाडी काढली.

दवाखान्यातनं घरी आले तर जिन्यातच पायरीवर बसले. जगदेवीनं वरनं बघितलं. भांडण विसरून धावत आली बिचारी, तिला वाटलं काही वाईटच झालं. मी हसत होते की रडत होते मलाच कळत नव्हतं. तिला सगळं सांगितलं, तुझं, बरणीचं, सगळं. तर ती आत गेली, पाकात बोट घालून चाटलं. म्हणाली, "यात लिंबू पिळलात व्हय?"

मी म्हटलं, पिळणारच की. पाकात लिंबू पिळतातच, नाहीतर पाक निवल्यावर साखर...

मी काय म्हणतेय ते तेव्हा माझं मलाच ऐकू आलं. गुलाबजामाचा पाक साखर धरू नये म्हणूनच तर आम्ही चार थेंब लिंबू पिळतो. एवढी वर्षं झाली, गॅस बंद केला की हात आपोआप लिंबाकडं जातो. मला आठवतसुद्धा नव्हतं. साखर धरू नये म्हणून जे करायचं ते करून मी ती धरायची वाट बघत बसले होते आणि वर भांडायला गेले शेजारणीशी. आम्ही दोघी फरशीवर बसून एवढ्या हसलो की तिच्या घरचे माग बंद करून माणसं बघायला आली.

तो पाक सरबताला ठेवला. तुझी उरलेली साखर होती, तिचा आज नवा केला. पाक करताना जगदेवी माझा उजवा हात धरून उभी होती. दोराही तिनंच दिला, मागावर चढायच्या आधीचा, कोरा, बिनरंगाचा. या खेपेला मी मनात काही धरलेलं नाही. साखर आहे, धरेल तर धरेल.

डॉक्टर म्हणाले पुढच्या गुरुवारपासून, म्हणजे तेरा तारखेपासून, हळूहळू बोला. आधी दोन-चार शब्द. ओरडायचं नाही, हे तुझ्यासाठी खास लिहून दिलंय. आवाज थोडा बदललेला वाटेल म्हणाले, त्याला घाबरू नको. तो तुझाच आहे.

जोत्या, माझा जीव आत्ता कुठं भांड्यात पडला. तू जेवलास का रे नीट एवढे दिवस?

तुझी आक्का

---

वस्ती, माळशिरस
१४ नोव्हेंबर

आक्का,

व्यापाऱ्याची गाडी आली व्हती. रंभा दारात आडवी बसली. तो म्हणला, मालकानं शबुद दिलाय. रंभा म्हणली, "मालक पंधरा दिस बोललंच न्हाईत, शबुद कवा दिला?" चहा पिऊन गेला.

मग मला कळलं की तपासाय धाडलेल्या तुकड्याचं तिला पयल्या दिसापासनं ठाव व्हतं. माझा पयला कागद प्रभुनं वाचला व्हता, त्यो कान खाजवाय लागल्यावर तिनं सगळं काढून घेतलं. मला घोर लागू नये म्हणून ती गप, तिला लागू नये म्हणून मी गप. एकाच घरात दोगं बी अर्धी अर्धी भाकर खाऊन उठत व्हतो आन् एकमेकाला पोट भरलं म्हणून दाखवत व्हतो. तू फोन केलास त्या रात्री तिनं चार भाकरी केल्या. मी तीन खाल्ल्या. तू इचारलं व्हतंस म्हणून लिवलं.

काल गुरुवार. प्रभु सकाळीच तुझी पुडी घिऊन आला. खडं बारीक हायती, बाजरीच्या दान्यापासनं ज्वारीच्या दान्यापतूर, पर दोऱ्याला घट्ट धरल्यात. पोरीनं उन्हात धरून बघितलं. पयला खडा तू घालणार व्हतीस, तुला ऑर्डर सोडून याय जमलं न्हाय, मग रंभानं घातला. विरघळंपतूर गप बसलो. आय असती तर तिनं बी बसवलंच असतं.

मग रंभा म्हणली, बोला की. एवढं दिस साठवलं व्हतं, सगळं कुटं गेलं कुनास ठाव. शेवटी "पानी दे" म्हणलो. आक्का, ती पानी आनाय उठली न्हाय. माझ्याकडं बघत बसली आन् तिच्या डोळ्याला धार लागली. मला वाटलं आवाज लई वंगाळ आलाय. मी परत म्हणलो, "काय झालं?" तर म्हणती, "मामंजी बोलल्यावानी वाटलं."

तवा मला बी ऐकू आलं. दादांचा आवाज हाय आक्का. जाड, थोडा फाटका, शेवटाला खाली उतरनारा. दादा गेल्यापासनं ह्यो आवाज ह्या माळावर न्हवता. मला माझा आवाज हवा व्हता, त्यो काय पुरा आला न्हाय, पर जो आलाय त्यो घरचाच हाय.

वरडायचं न्हाय हे डॉक्टरांनी लिवलंय, मी वरडलो न्हाय. संध्याकाळी वाड्याच्या तोंडाशी हुबा ऱ्हायलो आन् बारकीच हाळी दिली, माणसाला हाक मारावी तेवढीच. सगळी मेंढरं मान वर करून बघाय लागली. एक बी उठंना. नवा आवाज, त्यास्नी कुटला ठाव असनार. रंभा म्हणली, परत द्या. परत दिली, आन् शेवटाला दादा द्यायचं तसा हेल आपोआप लागला. काळतोंडी उठली. अंग झाडलं. माझ्यापशी आली आन् हातातल्या पुडीला नाक लावलं. दोऱ्याचा तुकडा मी तिला चाटाय दिला, तिनं दोऱ्यासकट खाल्ला. जगदेवीबाईंना सांग, दोरा चांगला व्हता. तवर मागं बघतो तर सगळा कळप हुबा.

मेंढरांनी आवाज वळखला का काळतोंडीला साखर पायजे व्हती, ते मला सांगता याचं न्हाय. आज सकाळी साखर न दाखवता परत हाळी दिली. तवा बी आली.

उद्या पहाटं कळप काढतोय. बाकीचं म्होरं गेल्यात, त्यास्नी गाठाय लागंल. रंभा संगं हाय, उरलेली खडीसाखर तिच्या कंबरंला हाय, फोनापशीच.

ह्यो कागद प्रभुकडं देतोय खरा, पर तुझ्या हातात पडंपतूर माझा फोन आलेला असंल. तेवढ्यासाठीच रंभाकडनं फोन मागून घेणार हाय. उचललास की घाबरू नको आक्का. दादांचा आवाज आला तरी मीच हाय. मी नाव सांगणार न्हाय, नुस्ती हाळी देणार. मेंढरांनी दुसऱ्या हाळीला वळखलं. तू कितव्याला वळखतीस ते बघू.

जोत्या